मदत हवी आहे: दुपारी घामावर सनस्क्रीन पुन्हा कशी लावायची?

सकाळी चेहरा आणि मानेला दोन बोटं भरून एसपीएफ ५० (ऊन अडवण्याचा आकडा) सनस्क्रीन लावली, १५ मिनिटं थांबून घर सोडलं, इथवर ठीक. पण ठाणे स्टेशनच्या पुलावर घाम फुटतो, रुमाल फिरतो आणि नाक-कपाळावरचा थर आधी निघतो. रुमालावर पांढरट डाग स्पष्ट दिसतो. पुसण्याऐवजी टिशूने टिपलं तर थर बराच टिकतो.

खरी अडचण दोन तासांनंतर, पुन्हा लावायच्या वेळची. उन्हातलं काम, तोंड धुवायची सोय नाही. ओल्या घामावर क्रीम चोळली की गोळ्या सुटतात. नुसत्या सनस्क्रीन पावडरीचा थर फार पातळ बसतो, तिच्यावर भरवसा नको. सनस्क्रीनची स्टिक (कांडी) एकाच जागी तीन-चारदा फिरवावी लागते, पण तेलकट त्वचेवर चिकट होते.

वॉटर रेझिस्टंट ८० मिनिटंवाली (घाम-पाण्यात तेवढा वेळ टिकणारी), डोळ्यांत न झोंबणारी जेल किंवा स्टिक कोणी रोज वापरतं का? कृपया नाव आणि लावायची पद्धत दोन्ही सांगा.