बुंध्यावर लाकडासारखी टणक बुरशी आलीय, कोरून काढू का?

सावली_८: आमच्या जुन्या झाडाच्या बुंध्यावर, जमिनीपासून हातभर वर, फळीसारखं अर्धगोल काहीतरी बाहेर आलंय, लाकडाइतकं टणक. आधी लक्षच दिलं नाही पण आता वीतभराहून रुंद झालंय आणि त्याच्यावर आणि आसपास सगळीकडे तपकिरी भुकटी पडते, पुसली की दोन दिवसांत परत. खालची बाजू पांढरी आहे, नखाने ओरखडलं तर लगेच तपकिरी रेघ उठते. ही बुरशीच ना? कापून काढून आतलं कुजकं लाकूड कोरलं आणि सिमेंट भरलं तर झाड वाचेल का? लहानपणापासूनचं झाड आहे हो, प्लीज सांगा.

रानवाट: रेघेचं वाचलं आणि लगेच गॅनोडर्मा अॅप्लानेटम ही बुरशी आठवली. लोक त्या पांढऱ्या बाजूवर टोकदार काडीने चित्रं काढतात, वाळल्यावर ती वर्षानुवर्षं टिकतात. अर्थात हिच्यासारख्याच दिसणाऱ्या जवळच्या जाती आहेत, पक्कं नाव मायक्रोस्कोपखालीच ठरतं. भिंग घेऊन खालून बघा, एका मिलिमीटरमध्ये ४ ते ६ छिद्रं दिसतील, प्रत्येक छिद्र म्हणजे एका बारीक नळीचं तोंड. ती भुकटी म्हणजे त्यातून पडणारे बीजाणू, पडतात खाली पण हवेने उचलून वरच्या बाजूवर येऊन बसतात. ही बहुवर्षायू आहे, जुन्या नळ्यांखाली नव्या नळ्यांचा थर येतो, त्यामुळे उभी कापली की थर दिसतात.

खोडपान: कोरू नका!! बाहेर दिसतंय ते फक्त फळ आहे, खरी बुरशी धाग्यांच्या रूपात लाकडात पसरलेली असते, त्यामुळे फळ काढून ती जात नाही. आणि झाड स्वतः कुजक्या भागाभोवती आडभिंत घालून घेतं, अमेरिकन वृक्षतज्ज्ञ अॅलेक्स शिगो यांनी हजारो खोडं उभी चिरून हे दाखवलं. तुम्ही चांगल्या लाकडापर्यंत कोरत गेलात की ती भिंतच फुटते आणि बुरशीला ताजं लाकूड मोकळं मिळतं. सिमेंटने कूज थांबत नाही, खोड वाऱ्यात हलतं आणि सिमेंट हलत नाही, मग कडेने फट पडून तिथे पाणी साचतं.

सावली_८: पण पानं तर हिरवीगार आहेत, मग आत एवढं कुजलं असेल?

खोडपान: असू शकतं, त्यातच धोका आहे. पाणी वर जातं ते बाहेरच्या जिवंत लाकडातून, ही बुरशी मुख्यतः मधला गाभा खाते, लिग्निन आणि सेल्युलोज हे लाकडाचे मुख्य घटक दोन्ही, मग लाकूड पांढुरकं आणि स्पंजासारखं होतं. बुंध्याशीच आलीय म्हणजे मुळांपर्यंतही गेलेली असू शकते. लाकडी हातोडीने सगळीकडून ठोकून बघा, पोकळ आवाज कुठे येतो ते खुणा करून ठेवा आणि झाडं तपासणाऱ्या माणसाला दाखवा. ते येईपर्यंत बुरशी तशीच राहू द्या, कूज कुठे आहे ते तिच्यावरूनच कळतं.

सावली_८: ठोकून बघितलं. बुरशीच्या बाजूला गुडघ्याएवढ्या उंचीपर्यंत पोकळ वाजतंय, बाकी तीन बाजू भरीव. तपासायला माणूस बोलावलाय, तोवर मुलांचा झोका काढून ठेवलाय.