गाडगीळांची पुस्तकं: निरीक्षण पक्कं, धोरण कच्चं?

सडा_जांभा
परिसंस्थांचे अभ्यासक माधव गाडगीळ आणि इतिहासकार रामचंद्र गुहा यांची 'धिस फिशर्ड लँड' (1992) आणि 'इकॉलॉजी अँड इक्विटी' (1995) ही पुस्तकं एकापाठोपाठ वाचावीत. पहिल्यात जंगलाच्या वापराचा इतिहास आहे: जातिव्यवस्थेत एकेका समाजाकडे एकेक संसाधन कसं वाटून गेलं आणि इंग्रजांनी राखीव जंगलं करून ती वाटणी कशी मोडली. दुसऱ्यात आजचा हिशेब: लांबून ओरपणारे 'सर्वभक्षी', आसपासच्या निसर्गावर जगणारी 'परिसंस्थेची माणसं' आणि तिथून उखडलेले निर्वासित. मांडणी झकास, पण धोरणावर आलं की हरेक दुखण्याला एकच औषध: अधिकार गावाला द्या. 2013 मध्ये केरळात इडुक्की-वायनाडात पश्चिम घाट जपण्यासाठीच्या गाडगीळ आणि कस्तुरीरंगन समित्यांच्या अहवालांविरुद्ध रस्त्यावर उतरले ते स्थानिकच होते ना? मग ऐकायचं कुणाचं?

कळकाचं_बेट
गाडगीळ गावाच्या हाती अधिकार का मागतात, ते बांबूच्या प्रकरणातून कळतं. 1970 च्या दशकात उत्तर कन्नडमध्ये बांबू संपत चालला. कागद गिरणीला तो सरकारकडून टनाला 1.50 रुपये दराने मिळायचा, आणि खापर मात्र बुरूड नि गुरं चारणाऱ्यांवर फुटायचं.

कळकाच्या, म्हणजे बांबूच्या, बेटाच्या बुडाशी काटेरी फांद्यांचं जाळं असतं. पावसाळ्यात नवे कोंब त्या जाळ्यातूनच वर येतात. वनखात्याचा समज असा, की गर्दी कमी केली की वाढ सुधारते. म्हणून जाळं साफ करायचं. साफ केल्यावर कोंब उघडे पडले. गुरं, वानरं, साळिंदरं त्यांच्यावर तुटून पडली. जुन्या काठ्या तोडून नेल्या, नव्या आल्याच नाहीत, बेट खलास. जाळं काढू नका, हे गावकऱ्यांना आधीपासून ठाऊक होतं. त्यांना विचारलं नव्हतं कुणी. ज्याचं पोट त्या बेटावर, त्याचं लक्ष त्या कोंबावर.

रेघ_नि_नकाशा
बांबूचं मान्य. पण बेटाच्या बुडाशी बसून दिसतं ते घाटाच्या 1,29,037 चौरस किमीवर दिसत नाही. गाडगीळ समितीच्या 2011 च्या अहवालाची रीत बघा. घाट साधारण 9 किमी × 9 किमीच्या चौकटींत कापला, निसर्ग किती नाजूक त्यावरून प्रत्येक चौकटीला गुण दिले, आणि तालुक्याचा जास्त भाग ज्या श्रेणीत, ती श्रेणी अख्ख्या तालुक्याला. एका चौकटीत सुमारे 80 चौरस किमी! तीत कडा, सडा, भातखाचरं, वाड्या आणि एखादं बाजाराचं गाव सगळं येतं. सातबारावर असली चौकट कुठे असते? तलाठ्याने अंमल करायचा कशाच्या आधारावर?

त्यानंतर नेमलेल्या कस्तुरीरंगन समितीने 2013 मध्ये निदान गाव हे एकक धरलं.

कळकाचं_बेट
गाव धरलं, पण विचारलं उपग्रहाला. ज्या गावात 20 टक्के किंवा जास्त भाग संवेदनशील तेवढीच गावं संरक्षणाच्या कक्षेत. अशाने घाटाचं सुमारे 37 टक्के क्षेत्र उरलं. 19 टक्केवालं गाव बाहेर, मग तिथल्या झऱ्यावर खालची चार गावं जगत असली तरी. तालुक्याची श्रेणी ढोबळ आहे हे गाडगीळांच्या अहवालातच लिहिलंय; पक्क्या सीमा ग्रामसभांशी बोलून ठरवायच्या होत्या. ते बोलणं झालंच नाही. अहवाल ऑगस्ट 2011 मध्ये सरकारकडे गेला आणि लोकांपुढे आला मे 2012 मध्ये, तोही माहिती आयोग आणि दिल्ली उच्च न्यायालयाने कान धरल्यावर. मधल्या काळात अफवांचं पीक येणारच.

सडा_जांभा
अफवा बाजूला ठेवा. रबराची बाग असलेला शेतकरी आणि डोंगर पोखरणारा खाणवाला, दोघेही 'स्थानिक'च. पुस्तकातले तीन गट कागदावर सुटसुटीत दिसतात, गावात एकाच घरात तिन्ही सापडतात.

तेंदूपान
हा मुद्दा खरा आहे, आणि गडचिरोलीतल्या मेंढा-लेखा गावाकडे बघितलं तर त्याचं थोडं उत्तर मिळतं. तिथे ग्रामसभा सर्वसहमतीने चालते, बहुमताने नाही. 2009 मध्ये सुमारे 1,800 हेक्टरवर सामूहिक वनहक्क मिळाला. तरी बांबू विकता येईना, कारण वाहतूक परवान्याची किल्ली वनखात्याच्या खिशात. वनहक्क कायद्यात बांबू गौण वनोपज आहे, म्हणजे गवतासारखा. खातं 1927 च्या वन कायद्यावर बोट ठेवून त्याला झाड म्हणायचं. एप्रिल 2011 मध्ये परवानापुस्तक ग्रामसभेच्या हाती आलं तेव्हा कुठे गाडी हलली. हक्काचा कागद आणि परवानापुस्तक वेगवेगळ्या हातांत असली की गावाला अधिकार दिला म्हणणं फोल.

रेघ_नि_नकाशा
मेंढा एक. जैवविविधता नोंदवहीचं, म्हणजे गावातल्या झाडं-प्राण्यांची नि त्यांच्या वापराची गावानेच ठेवायच्या वहीचं, काय झालं सांगा. कल्पना गाडगीळांचीच, 2002 च्या जैवविविधता कायद्याखाली आली. वर्षानुवर्षं धूळ खात पडली. मग हरित लवादाने 31 जानेवारी 2020 ची मुदत घातली, चुकल्यास राज्याला महिन्याला 10 लाखांचा भुर्दंड. लगोलग वह्या भरल्या! शेजारच्या दोन गावांत झाडांची तीच यादी, त्याच क्रमाने.

तेंदूपान
ती वही दंड चुकवायला भरली, वापरायला नाही. 'हिरडा: आहे' या नोंदीवर खाणीला हरकत घेता येत नाही. हिरडा कुठल्या गटात, किती झाडं, कोणत्या महिन्यात वेचतात, किती घरं वेचतात, दहा वर्षांपूर्वी किती मिळायचा, आता किती, कमी का झाला, आणि ही माहिती कुणी दिली, एवढं लिहिलं तर जनसुनावणीत ते पान टेबलावर ठेवता येतं. यादी सल्लागार एका दुपारी उतरवून देतो. हे लिहायला वेचणारी बाईच समोर बसायला लागते, तेही हिरडा पडतो त्या दिवसांत.