कालपरवाचं वाटणं फक्त वयामुळे नाही

जुन्या घटना कालपरवाच्या वाटतात ते वय वाढल्यामुळे, हे मला पुरतं पटत नाही. तरुणांचंही तसंच होतं. अमेरिकेत नेटर आणि वॅक्सबर्ग या संख्याशास्त्रज्ञांनी घरदुरुस्तीच्या खर्चाच्या मुलाखतींवर १९६४ साली अभ्यास प्रसिद्ध केला. ठरावीक मुदतीतला खर्च विचारला तर लोक त्याआधीची कामंही त्यातच धरून सांगत, विशेषतः मोठी कामं. मागच्या मुलाखतीत काय सांगितलं होतं याची आधी आठवण करून दिली, की हा घोळ बराच कमी होई.

आठवणीवर तारखेचा शिक्का नसतो. ती किती ठळक आहे, आगेमागे काय घडलं, यावरून आपण काळ ताडतो. म्हणून ठसठशीत आठवण जवळची भासते.

लॉफ्टस आणि मारबर्गर या मानसशास्त्रज्ञांनी १९८३ साली प्रसिद्ध केलेला प्रयोग मला फार मोलाचा वाटतो. 'गेल्या सहा महिन्यांत' याऐवजी 'सेंट हेलेन्स ज्वालामुखीच्या उद्रेकानंतर' (अमेरिकेतला हा उद्रेक तेव्हा सुमारे सहा महिन्यांपूर्वीच झाला होता) असं विचारल्यावर लोकांचं जुन्या घटना अलीकडे ओढणं बरंच कमी झालं. म्हणून कोणाला साल विचारण्यापेक्षा 'तेव्हा तुम्ही कुठल्या घरात राहत होता?' असं विचारून पाहा. उत्तर सहसा जास्त नेमकं मिळतं.