मार्मालेड पातळच राहिलंय 😟

वैशाली ए-२०३: स्टॉलचं संत्र्याचं मार्मालेड (सालीसकट केलेला जॅम) अजून सरबतच आहे. १ किलो संत्री, १ किलो साखर. कोणीतरी सांगा.

देशपांडे काका: १०५ अंशांपर्यंत आटवा. आधीच सांगितलं होतं.

मीनल सी-४०१: काका, १०५ समुद्रसपाटीला. पुण्यात पाणीच साधारण ९८ ला उकळतं. त्याच्यावर ४-५ अंश धरा, म्हणजे १०२-१०३. १०५ला चिक्की होईल.

सावंत (सेक्रेटरी): गेल्या वर्षीच्या काचेच्या बरण्या ज्यांच्याकडे आहेत त्यांनी वॉचमनकडे द्याव्यात.

मीनल सी-४०१: वैशाली, बियांचं काय केलंस?

वैशाली ए-२०३: ओल्या कचऱ्यात.

मीनल सी-४०१: तिथेच घोळ. जॅम घट्ट करतं ते पेक्टिन, आणि ते बियांत आणि सालीच्या पांढऱ्या भागात असतं. नागपुरी संत्र्याला तो भाग नावालाच. स्पेनमधल्या सेव्हिलची आंबट-कडू संत्री सहज घट्ट होतात, ही नाहीत.

पेठे बी-१०२: म्हणजे लिफ्टमध्ये ठिबकलेली पिशवी कोणाची ते कळलं 🙏

वैशाली ए-२०३: पेठेकाका, बादलीला झाकण मी लावलेलं होतं. विषय मार्मालेडचा आहे.

देशपांडे काका: १०५.

मीनल सी-४०१: २ मोसंब्यांच्या सालीचा पांढरा भाग आणि ४ लिंबांच्या बिया मलमलच्या पुरचुंडीत बांध. २ कप पाण्यात मंद आचेवर ४० मिनिटं. मग पुरचुंडी चमच्याने दाबून पिळ, बुळबुळीत पाणी येईल तेच हवंय. ते आणि २ लिंबांचा रस घालून पसरट पातेल्यात मोठ्या आचेवर उकळ. पातेलं अर्ध्याच्या वर भरू नकोस, उतू जातं.

सावंत (सेक्रेटरी): बरण्यांबाबत पुन्हा विनंती. आतापर्यंत ३ आल्या.

शुभदावहिनी: साल मऊ आहे ना गं? साखर पडल्यावर ती पुढे शिजत नाही, चिवटच राहते.

वैशाली ए-२०३: बोटात चिरडते, वहिनी. झालं हे कसं ओळखू?

मीनल सी-४०१: बशी फ्रीझरमध्ये ठेव. गॅस बंद करून थेंब टाक, मिनिटभराने बोटाने ढकल. सुरकुती पडली की झालं. बंद न करता बघत बसलीस तर तेवढ्यात जास्त आटतं.

देशपांडे काका: थर्मामीटर असताना बशी कशाला? १०५.

शुभदावहिनी: लगेच भरू नकोस हं, साली वर तरंगतात. १०-१५ मिनिटं थांब, ढवळ, मग गरम बरण्यांत. झाकण लगेच.

पेठे बी-१०२: बरण्या ३ आहेत 😄

सावंत (सेक्रेटरी): पेठेसाहेब, २ तुमच्याकडेच आहेत.

मीनल सी-४०१: आणि भरल्यावर हलवू नकोस. पूर्ण घट्ट व्हायला २४ तास लागतात.

वैशाली ए-२०३: स्टॉल उद्या सकाळी ९ ला आहे.