मदत हवी आहे: फिगेरेस नक्की किती वेळा अध्यक्ष झाले?

रानजाई: उद्या सकाळी लेख द्यायचाय आणि एका वाक्यावर अडकलेय. फिगेरेस अध्यक्ष झाले ते दोनदा, तीनदा की चारदा? जिथे बघावं तिथे वेगळा आकडा. प्लीज, घाई आहे.

कोकणकडा: कोणते फिगेरेस? कोस्टारिकाचे असतील तर बाप-लेक दोघेही अध्यक्ष, आणि दोघांचंही नाव होसे. लेक 1994 ते 1998. तुमचं 'चारदा' तिथून आलं असेल.

रानजाई: वडील हो. सैन्य बंद करणारे.

कोकणकडा: मग दोनदा. 1953-58 आणि 1970-74. त्याआधी मे 1948 पासून 18 महिने ते सत्तामंडळाचे, म्हणजे यादवीनंतर सत्ता हाती घेतलेल्या गटाचे प्रमुख होते, निवडून आलेले नव्हते.

जुना_वाचक: मी तीनदाच म्हणेन. बँकांचं राष्ट्रीयीकरण, बायकांना मताधिकार, सैन्य रद्द, सगळं त्या 18 महिन्यांतलं. तेच वगळलं तर लेखात उरलं काय?

कोकणकडा: ती सत्ता बंदुकीच्या जोरावर आली होती. 44 दिवसांची यादवी, दोनेक हजार माणसं गेली.

जुना_वाचक: यादवी कशावरून पेटली तेही सांगा की. 1948 च्या अध्यक्षपदाच्या निवडणुकीत ओतिलिओ उलाते निवडून आले आणि तिथल्या काँग्रेसने, म्हणजे संसदेने, ती निवडणूकच रद्द केली. नोव्हेंबर 1949 मध्ये फिगेरेसनी त्याच उलातेंकडे सत्ता सोपवली. असं किती जण करतात?

घाटवाट: सैन्याशिवाय देश चालतो कसा? आपल्याकडे जमेल? शेजारी बघा आपले.

पारिजात: त्यासाठी वेगळा धागा काढा ना. तरी सांगते, कोस्टारिकाच्या घटनेच्या कलम 12 मध्ये गरज पडल्यास सैन्य उभारायची सोय आहे. रानजाई, तिथल्या राजधानीत, सान होसेला, गेले होते तेव्हा बेयाविस्ता ही जुनी लष्करी बराक पाहिली. सैन्य बंद केल्याची खूण म्हणून 1 डिसेंबर 1948 ला फिगेरेसनी घण घेऊन हिचीच भिंत फोडली. आता तिथे राष्ट्रीय संग्रहालय आहे. बुरुजावर गोळ्यांची भोकं अजून तशीच आहेत, बोट जातं आत. हे लिहाच.

मातीचा_माणूस: ते मुळात शेतकरी, हे कुणीच सांगत नाही! घायपातासारख्या झाडाचा वाख काढून दोर आणि कॉफीची पोती बनवायचे. शेताचं नाव 'ला लुचा सिन फिन', म्हणजे न संपणारी झुंज. आमच्याकडे बांधावर घायपात नुसता वाळतोय, लावा कुणीतरी उद्योग.

रानजाई: सगळ्यांचे आभार. वाक्य असं केलं: 'एकदा सत्तामंडळाचे प्रमुख, दोनदा निवडून आलेले अध्यक्ष.' घणही घेतला. जन्म 1906 चाच ना?

कोकणकडा: हो. 25 सप्टेंबर, सान रामोन.