हीट पंपाचा रिबेट: आधी ऑडिट, मग काम

एकांनी विचारलंय की हीट पंप (घर गरम-गार करणारं विजेवरचं यंत्र) बसवून झाला, आता रिबेट, म्हणजे खर्चातले काही पैसे परत, मिळेल का. आम्ही मॅसॅच्युसेट्समधे मास सेव्हमधून (तिथल्या वीज-गॅस कंपन्यांची ऊर्जा वाचवायची योजना) केलं, त्यावरून सांगते. रिबेटचा फॉर्म बसवून झाल्यावरच भरायचा असतो, पण पूर्ण घराचा मोठा रिबेट हवा असेल तर घराचं इन्सुलेशन नीट असायला लागतं, म्हणून काहीही विकत घ्यायच्या आधी त्यांचं फुकटचं एनर्जी ऑडिट (घरातून उष्णता कुठे वाया जाते याची तपासणी) करून घ्याच. इन्सुलेशनवर ७५ टक्के किंवा जास्तच सूट मिळते, आणि ती बिलातच वजा होऊन येते, मागे लागावं लागत नाही. आमच्याकडे ऑडिटवाल्यांनी पुढच्या दारात मोठा पंखा लावून घरातली हवा बाहेर खेचली तेव्हा भिंतीतल्या सॉकेटपाशी हात धरला तर गार वारा लागत होता अक्षरशः, तोवर आम्हाला वाटायचं खिडक्याच बदलायला हव्यात!

आता कागदपत्रं. आमच्या काँट्रॅक्टरने इनव्हॉइसवर फक्त बाहेरच्या युनिटचा मॉडेल नंबर टाकला होता, आतल्याचा नव्हताच, फॉर्म परत आला. शेवटचा चेक द्यायच्या आधी दोन्ही मॉडेल नंबर, एएचआरआय नंबर (आतल्या-बाहेरच्या युनिटच्या जोडीचा प्रमाणपत्र क्रमांक), पत्ता, तारीख सगळं इनव्हॉइसवर आहे ना बघा, एकदा पैसे दिले की ही माणसं फोन उचलत नाहीत. जुन्या घरात नॉब अँड ट्यूब वायरिंग (चिनी मातीच्या खुंट्या-नळ्यांवरून नेलेल्या जुन्या तारा) असेल तर इन्सुलेशनचं काम अडतं, आधी इलेक्ट्रिशियन गाठा.

आणि फेडरल टॅक्स क्रेडिट (अमेरिकेच्या केंद्र सरकारची करातली सूट) यात धरू नका, ते ३१ डिसेंबर २०२५ नंतर बसवलेल्यांना नाही.