'प्रत्यक्षदर्शी' कोणाला म्हणावं?

विचारणा, शहादा : ९ सप्टेंबर १९४२ ला 'चले जाव' आंदोलनातल्या मिरवणुकीवर पोलिसांनी केलेल्या नंदुरबारच्या गोळीबारावर मुलांसोबत छोटा माहितीपट करतेय. शिरीषकुमार मेहता आणि त्याचे चार सोबती त्या दिवशी गेले. कॅमेऱ्यासमोर एक आजोबा बोललेत. त्यांच्या नावाखालच्या पट्टीवर 'साक्षीदार' लिहू की 'प्रत्यक्षदर्शी'? त्यांनी हे सगळं वडिलांकडून ऐकलंय.

जळगाव : मग दोन्ही नको. 'साक्षी' हा शब्द पाणिनीने 'साक्षात् पाहणारा' या अर्थी सिद्ध केलाय. त्याला फारसी 'दार' मागाहून लागला. म्हणजे मुळात साक्षीदारही डोळ्यांनी पाहणाराच. कोर्टात मात्र शब्द पसरला. शवविच्छेदन करणारे डॉक्टर साक्षीदार, पंचनाम्यावर सही करणारा पंचही साक्षीदार, आणि खून होताना यांच्यापैकी कोणी पाहिलेला नसतो. त्यामुळे 'प्रत्यक्षदर्शी साक्षीदार' ही द्विरुक्ती आहे म्हणून जे नाक मुरडतात त्यांचं मला पटत नाही. बातमीत तो फरक करावाच लागतो.

गुन्ह्यांवरच्या मालिकांत मला सगळ्यात जास्त खटकतं ते 'पोलिसांकडे साक्ष दिली'. पोलिसांकडे देतात तो जबाब, आणि तपासातल्या अशा जबाबावर सांगणाऱ्याची सही घ्यायची नाही असा कायदाच आहे. साक्ष होते कोर्टात. तिथे शपथ असते, सरतपास (बोलावणाऱ्या बाजूच्या वकिलाचे प्रश्न) असतो, उलटतपास (विरुद्ध बाजूच्या वकिलाचे प्रश्न) असतो. पहिल्या जबाबावरून माणूस फिरला तर तो 'फितूर' ठरतो. कॅमेऱ्यासमोर यातलं काहीच नसतं, उलट प्रश्न विचारायला कोणी नसतं. तिथे माणूस सांगतो ते कथन, स्वतःवर गुदरलेलं असेल तर आपबीती. त्याला साक्ष म्हटलं की न तपासलेल्या बोलण्याला कोर्टाचं वजन मिळतं, आणि एखाद्यावर आरोप होत असेल तर हे फार गंभीर आहे.

बेचाळीसचं तर साधं गणित करा. तेव्हा दहा वर्षांचं असलेलं पोर आज नव्वदीच्या पुढे. खरा प्रत्यक्षदर्शी सापडणं किती दुर्मीळ! म्हणून तो शब्द जपून वापरावा.

धुळे : एक भर घालतो. अहिराणी बोलणारी जुनी माणसं हा भेद क्रियापदातच करतात. 'मी देखेल शे' (पाहिलंय) वेगळं, 'मी आयकेल शे' (ऐकलंय) वेगळं. आजोबा अहिराणीत बोलले असतील तर पडद्यावर खाली प्रमाण मराठीतल्या ओळी लिहिताना 'आयकेल शे' गाळू नका. बरेच जण ते फापटपसारा समजून कापतात आणि ऐकीव गोष्ट पाहिलेली होऊन बसते.

विचारणा, शहादा : आजोबा तीन ठिकाणी 'आयकेल शे' म्हणालेत, आणि मी एकच ठेवलं होतं. तिन्ही परत घेते. पट्टीवर 'वडिलांकडून ऐकलेली आठवण' एवढंच लिहिलं तर?

जळगाव : उत्तम. वडील त्या दिवशी मिरवणुकीत होते की घरी, तेही आजोबांना विचारून घ्या.